गैरहजर बायकांचा कौल

‘निंबटाकळी येथील महिला मतदारांनी गावातील देशी दारूचे दुकान बंद करण्याचा प्रस्ताव फेटाळून लावला.’

हे वाक्य एका शासकीय वार्षिक अहवालाच्या चव्वेचाळिसाव्या पानावर छापलेले आहे. वाक्य सुबक आहे, ठाम आहे, आणि त्यातला एकही शब्द खरा नाही. निंबटाकळीच्या महिलांनी काहीही फेटाळले नव्हते. त्या दिवशी पाचशे नव्वद जणींनी मत दिले. त्यांपैकी पाचशे एकसष्ट जणींनी आडव्या बाटलीवर शिक्का मारला, म्हणजे दुकान बंद करा असे सांगितले. सतरा जणींनी उभ्या बाटलीवर मारला. बारा मतपत्रिका बाद झाल्या. पाचशे एकसष्ट विरुद्ध सतरा, आणि जिंकले सतरा. अथेन्समध्ये खापरीच्या तुकड्यांवर नावे कोरून माणसे हद्दपार करत, तिथपासून स्वित्झर्लंडच्या डोंगरी परगण्यांत हात वर करून कायदे करतात तिथपर्यंत, लोकांच्या थेट मतदानावर जे जे लिहिले गेले ते मी आयुष्यभर वाचत आलो. असा निकाल मला कुठल्याही ग्रंथात सापडला नाही. तो मला ग्रंथात शोधावा लागला नसता, कारण तो लागला तेव्हा मी त्या खोलीत होतो.

त्याला आता एकोणीस वर्षे झाली.

जानेवारीची सकाळ होती. शाळेतल्या तिसरीच्या वर्गात मतदान केंद्र होते. भिंतीवर बेचे पाढे, कोपऱ्यात पुठ्ठ्याच्या आडोशामागे शिक्का आणि शाईची गादी. केंद्राचे प्रमुख नायब तहसीलदार लोंढे हे गोल चेहऱ्याचे, कायम समाधानी गृहस्थ होते. त्यांनी मला मुलांच्या एका बाकाकडे हात केला.

“बसा साहेब. बाक तिसरीचा आहे, गुडघे जरा वर येतील. पण निरीक्षकाला निरीक्षणच करायचंय, नाही का?”

कायदा आठ महिन्यांचा होता. गावातल्या महिलांनी मागणी केली की गुप्त मतदान घ्यायचे, आणि त्या मतदानानेच दुकान राहील की जाईल ते ठरायचे. आमदार नाही, मंत्री नाही, जिल्हाधिकारी नाही. निर्णय थेट मतपेटीचा. या कायद्याखालचे हे पहिले मतदान, म्हणून विधी विभागाने आपला एक अवर सचिव पाहायला पाठवला होता. तो मी. वय चौतीस, एकटा, बॅगेत दोन जाड पुस्तके आणि कायद्याची प्रत. कुणी वाट पाहत नसल्यामुळे मला दौऱ्यावर पाठवणे सोयीचे असे.

बाहेर व्हरांड्यात एक बाई खांबाला टेकून बसल्या होत्या. साठीच्या आतबाहेर, उंच, हाडापेराने मोठ्या. मांडीवर दोन कापडी पिशव्या. मत देऊन कुणी बाई बाहेर आली की त्या एका पिशवीतून एक चिंचोका काढून दुसरीत टाकत.

“या प्रयागबाई डोईफोडे,” लोंढे म्हणाले. “यांच्यामुळेच आपण आज इथे. कायदा नव्हता तेव्हापासून, दोन वर्षं सह्या गोळा करत होत्या.”

“सह्या कमी, अंगठेच जास्ती,” त्या म्हणाल्या. मग माझ्याकडे पाहून, “तुमी नवे दिसता. नाव काय म्हनायचं साहेबांचं?”

“कारखानीस.”

“कारखान्याचे?”

“नाही, ते आडनाव आहे.”

“तसं व्हय. न्हाई, आमच्या निम्म्या बाया कारखान्याच्या उसात हायती. म्हनलं त्यांच्या वाटची मतं टाकाया तुमाला धाडलं का काय.”

रांगेतल्या बायका पदर तोंडाला लावून हसल्या. मीही हसल्यासारखे केले. विनोदात तथ्य होते. निंबटाकळी डोंगरकपारीचे गाव. दिवाळी झाली की निम्मी घरे कुलपात आणि माणसे साखर कारखान्यांच्या फडात, ती चैत्राच्या तोंडावर परतणार. मतदानाची तारीख मात्र जानेवारीतली पडली होती.

“ही तारीख कोणी निवडली?” मी लोंढ्यांना विचारले.

“तारीख द्यावी लागते, साहेब. मागणी आली, पडताळणी झाली, साठ दिवसांत मतदान. बायका उसाला गेल्यात हा मुद्दा नियमात कुठं बसवायचा, ते तुम्हीच सांगा.”

नियमात तो खरोखरच बसत नव्हता.

दुकानाचा मालक शाळेसमोरच्या पिंपळाखाली खुर्ची टाकून वर्तमानपत्र वाचत होता. त्याने एकाही बाईला उभ्या बाटलीवर शिक्का मार असे सांगितले नव्हते, धमकावले नव्हते, काही वाटलेही नव्हते. दोन दिवस आधी त्याने देवीच्या दर्शनाला तीन गाड्या फुकट सोडल्या, आणि ज्या बायकांना आयुष्यात कुणी कुठे नेले नव्हते त्या नटूनथटून गाडीत बसल्या. गाड्या परतणार होत्या उद्या. “श्रद्धेचा विषय,” लोंढे म्हणाले, “त्यात आपण पडायचं नाही.” मालकाला कायदा नीट समजलेला होता. यादीतल्या एकूण महिलांपैकी निम्म्या जणींनी आडव्या बाटलीवर शिक्का मारला तरच दुकान जाणार. जी आली नाही तिचे मत आपोआप त्याचे. कलम सात.

यादीत अकराशे सेहेचाळीस नावे होती. प्रयागबाईंना हवे होते पाचशे त्र्याहत्तर.

दुपारी एकला पिशवीत चारशे सहा चिंचोके होते. रांग संपली. मी बाकावर बसून एकट्याने डबा उघडला. लॉजवाल्याने दिलेली पुरी चामड्यासारखी झाली होती. तेवढ्यात दारातून एक हात आत आला, त्यात ज्वारीची भाकरी आणि वर ठेच्याचा गोळा.

“खा. सरकारलाबी भूक लागत असंल की.”

मी बाहेर येऊन व्हरांड्यात त्यांच्यापासून दोन हात अंतर ठेवून बसलो. बराच वेळ कुणी आले नाही. समोर मैदानात एक कोंबडी आणि तिच्यामागे तिची सावली, एवढीच हालचाल.

“साहेब, एक इचारू? कायदा कसा करत्यात वो?”

हा माझा विषय होता. त्या आधी आणि त्यानंतरही मला कुणी तो इतक्या मनापासून विचारला नाही. मी सविस्तर सांगितले. आधी मसुदा होतो. मग ते विधेयक सभागृहात मांडतात. त्याचे तीन वेळा वाचन होते. दुसऱ्या वाचनात एकेक कलम घेऊन त्यावर मत घेतात. मग ते वरच्या सभागृहात जाते, तिथे पुन्हा तेच, मग राज्यपालांची सही.

“तीनदा वाचत्यात?”

“तीनदा.”

“आन दोन ठिकानी?”

“हो.”

“म्हंजी सा येळा.” त्यांनी समाधानाने मान हलवली. “मंग काई चूक ऱ्हात नसंल. आमी आपलं एकदा इचार करतो आन पोरगी देऊन बसतो.”

त्यांना मी सांगितले ते पाठ्यपुस्तकात आहे आणि बरोबर आहे. पाठ्यपुस्तकात जे नाही ते असे. अधिवेशनाचा अखेरचा दिवस होता आणि दुपारच्या जेवणानंतर सतरा विधेयके संमत व्हायची होती. हे अकरावे. अधिकाऱ्यांच्या कक्षातून मी घड्याळ पाहत होतो: चौदा मिनिटे. ‘वाचन’ म्हणजे विधेयकाचे नाव वाचणे. कलमे एक ते एकवीस एकत्र घेण्यात आली. ‘अनुकूल असतील त्यांनी होय म्हणावे’; होय. ‘प्रतिकूल असतील त्यांनी नाही म्हणावे’, कुणीतरी खोकले. मागच्या बाकावरचे एक वृद्ध सदस्य तेवढे उठले आणि म्हणाले, “अध्यक्ष महोदय, कलम सात जरा समजावून सांगावे.” मंत्र्यांनी अधिकाऱ्यांच्या कक्षाकडे पाहिले. कक्षातून चिठ्ठी गेली. मंत्र्यांनी ती वाचून दाखवली: “कलम सात पूर्वोदाहरणास अनुसरून आहे.” वृद्ध सदस्य खाली बसले. पूर्वोदाहरण हा शब्दच असा आहे की तो ऐकल्यावर माणूस खाली बसतो. वरच्या सभागृहाला नऊ मिनिटे लागली. अशी सहा वाचने.

“दुकान गेलं की बरं वाटेल तुम्हाला,” मी म्हणालो. काहीतरी बोलायचे म्हणून.

“बरं कशाचं.” त्या मैदानाकडेच पाहत होत्या. “माजी एक लेक व्हती. गावातच दिली व्हती, डोळ्याम्होरं ऱ्हाईल म्हनून. डोळ्याम्होरंच गेली. तिनं थेंब कदी चाखला न्हाई, साहेब, आन दारूनं मेली ती.”

त्यांनी पिशवीतले चिंचोके पुन्हा मोजायला घेतले.

चारनंतर पाच-दहा जणींचे घोळके येत राहिले. साडेचारला पिशवीत चारशे एक्केचाळीस. आता एकशे बत्तीस हव्या होत्या आणि उरला होता अर्धा तास. लोंढ्यांनी लाखेची कांडी आणि मेणबत्ती काढून ठेवली. पिंपळाखालच्या मालकाने वर्तमानपत्राची घडी घातली.

तेव्हा रस्त्यावर धूळ उठली.

तीन ट्रक होते, उसाचे. हौदे बायकांनी खच्चून भरलेले, उभ्याने, एकमेकींना धरून. पहाटेपासून फडात तोडणी करून, मुकादमाशी भांडून, दिवसाचा खाडा अंगावर घेऊन त्या सत्तर मैलांवरून आल्या होत्या. हाताला उसाचे पाचट, चेहरे धुळीने एकसारखे. प्रत्येकीच्या हातात कोयता होता, कारण कोयता फडात ठेवला तर परत सापडत नाही.

लोंढे दाराशी धावले. “हत्यारं! अहो, केंद्रात हत्यारं चालत नाहीत! नियम आहे!”

“ही हत्यारं हायती का?” पहिल्या ट्रकमधून उतरलेल्या बाईने कोयता उलटसुलट करून पाहिला. “आमाला वाटलं, हात हायेत.”

“टाका गं बायांनो फाटकात,” प्रयागबाई ओरडल्या. “टाका आन पळा!”

शाळेच्या फाटकाशी कोयत्यांचा ढीग उभा राहिला, माझ्या कमरेएवढा. कायद्याच्या कोणत्याही ग्रंथमुखपृष्ठावर मी त्याहून योग्य चित्र पाहिलेले नाही. पाच वाजता फाटक बंद झाले, पण रांगेतल्या सगळ्या आत होत्या. पावणेसहाला शेवटची बाई बाहेर आली. प्रयागबाईंनी पिशवी व्हरांड्यावर रिकामी केली आणि दहा-दहाचे ढीग लावत चिंचोके मोजले. पाचशे नव्वद.

“सतरा वर!” त्या म्हणाल्या. त्यांचे दात मला प्रथमच दिसले. “सतरा वर हायेत, साहेब!”

मोजणीला वीस मिनिटे लागली. खिडक्यांना बाहेरून चेहरे चिकटले होते. आडव्या बाटलीचा गठ्ठा वाढत गेला तसा बाहेर कुजबुजीचा आवाज वाढला. उभ्या बाटलीच्या सतरा. मग लोंढ्यांनी बारा मतपत्रिका वेगळ्या काढून माझ्यासमोर धरल्या. या बाराजणींनी आडव्या बाटलीवर शिक्क्याऐवजी शाईचा अंगठा उमटवला होता. आयुष्यभर सरकारने त्यांच्याकडून तोच मागितला होता.

“नियमानुसार बाद,” लोंढे म्हणाले. “तुमचं काय मत?”

“निरीक्षकाला मत नसते,” मी म्हणालो.

लोंढ्यांनी दारात उभे राहून निकाल वाचला. आडवी बाटली पाचशे एकसष्ट. बाहेर एकच गिल्ला झाला. कुणी फुगडीला हात धरले. उभी बाटली सतरा. हशा. ‘आवश्यक मते पाचशे त्र्याहत्तर. सबब प्रस्ताव नामंजूर. सदर दुकानाबाबत पुढील पाच वर्षे नव्याने मागणी करता येणार नाही.’

फुगडी एकदम थांबत नाही. दोघी-तिघी गिरक्या घेत राहिल्या आणि मग त्यांना कळले की बाकीच्या उभ्या आहेत.

प्रयागबाई आत आल्या. त्या रडल्या नाहीत, ओरडल्या नाहीत. टेबलावर मतदार यादी उघडी होती, मत दिलेल्यांच्या नावापुढे लाल खूण.

“ज्या आल्या न्हाईत,” त्या म्हणाल्या, “त्येंची नावं वाचा.”

“आजी, ते काय आता,” लोंढे म्हणाले, “पाचशे छप्पन नावं आहेत.”

“वाचा. मला त्येंच्या दारात जायचंय. बारा कमी पडल्या. बारा घरं तर सापडतील मला.”

लोंढे पेटीला लाख लावण्यात गुंतले. मी यादी ओढली आणि खिडकीच्या उजेडात वाचायला लागलो. का, ते मला आजही सांगता येत नाही. दिवसभर मी काही केले नव्हते हे एक कारण असेल.

पहिले नाव वाचले. खिडकीतून कुणीतरी म्हणाले, “उसाला. कर्नाटकात.”

दुसरे. “देवीला गेली, सटवी.”

तिसरे. “नांदती ना ती पुन्याला. चार वर्सं झाली.”

चौथे. “मेली.”

मी थांबलो. “मेली म्हणजे?”

“म्हंजी मेली,” खिडकीतली बाई म्हणाली. “काविळीनं. दोन वर्सं झाली.”

मी पुढे वाचत गेलो. उसाला. देवीला. नांदायला. उसाला. मेली. गरोदर हाय, हलाया येत न्हाई. उसाला. मेली. मेली, तीबी आन तिची सासूबी, एका म्हैन्यात. शाळेत हजेरी घेतात तसे चालले होते, फक्त ‘हजर’ म्हणणारे कुणी नव्हते. मी पेन्सिलीने मेलेल्यांपुढे टिंब देऊ लागलो. सातवे, अकरावे, तेरावे. तेराव्या टिंबाला माझा हात थबकला, कारण मला बेरीज-वजाबाकी येते. मेलेल्यांना यादीतून वजा केले की निम्मा आकडा खाली येत होता. प्रयागबाईंनाही चिंचोक्यांची सवय होती. त्या माझ्या पेन्सिलीकडे पाहत होत्या.

प्रभाग दोन, घर क्रमांक अठ्ठेचाळीस.

“मंदाकिनी अशोक कोकाटे,” मी वाचले. “वय सत्तावीस.”

खिडकीतून उत्तर आले नाही. मला वाटले ऐकू गेले नसेल, म्हणून मी पुन्हा वाचले. मोठ्याने.

“ती माजी,” प्रयागबाई म्हणाल्या.

लाखेचा वास खोलीत भरला होता. लोंढ्यांनीही हात थांबवला.

“ती कुनीकडं धरली, साहेब?”

मला प्रश्न कळला होता. तरी मी म्हणालो, “म्हणजे?”

“जी आली न्हाई तिचं मत दुकानाचं, असं हाय न्हवं कायद्यात? मंग माजी मंदी कुनीकडं धरली? बाटलीकडं?”

“कायद्याच्या दृष्टीने,” मी म्हणालो, आणि वाक्य पुरे करू शकलो नाही.

“बाटलीकडं,” त्यांनी ते पुरे केले.

लोंढे घसा साफ करून म्हणाले, “आजी, यादी चावडीवर लावली होती. नावं कमी करायला हरकत घ्यायची मुदत होती पंधरा दिवस. तुम्ही तेव्हा यायला पाहिजे होतं.”

“म्या पोरीला पोचवून आले, तवा तिचं नाव खोडाया चावडीवर जायाचं व्हतं व्हय? कुनी सांगितलं न्हाई.” आवाज चढला नाही. त्या माझ्याकडे वळल्या. “ह्ये कुनी लिवलं, साहेब?”

मी त्यांच्याकडे पाहिले. उत्तर अवघड नव्हते. कायद्याच्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यालाही ते येते.

“सभागृहाने,” मी म्हणालो.

“समद्यांनी?”

“एकमताने.”

“तीनदा वाचून?”

“हो.”

“मंग तिथं,” प्रयागबाई म्हणाल्या, “एकाच्याबी घरात कुनी मेलं नव्हतं का?”

मी यादीचा उरलेला भाग वाचला. त्यांनी वाचायला सांगितले म्हणून नव्हे. मला मान वर करायची नव्हती म्हणून. मेलेल्या अडतीस निघाल्या. अकराशे सेहेचाळीसमधून अडतीस गेल्या की अकराशे आठ, त्याचे निम्मे पाचशे चोपन्न. आडवी बाटली सात मतांनी जिंकली होती. हे मी कुणालाच सांगितले नाही. ते सर्वांना कळले होते.

बायका एकेक करून फाटकाशी गेल्या. ढिगातून आपापला कोयता ओळखून काढू लागल्या. मुठीवरच्या चिंधीवरून, पात्याच्या झिजेवरून. ट्रक निघून गेले. पिंपळाखालची खुर्ची कुणीतरी आत नेली आणि रस्त्यापलीकडे दुकानाचा दिवा लागला. प्रयागबाई सर्वांत शेवटी निघाल्या. त्यांनी चिंचोक्यांची पिशवी टेबलावर माझ्या कायद्याच्या प्रतीवर ठेवली.

“ह्ये ऱ्हाऊ द्या तुमाला. तुमच्या सभागृहाला मोजाया लागतील.”

मग त्या शाळेच्या मैदानातून तिरक्या चालत गेल्या. सोबत कुणी नव्हते. दिवसभर गाव ज्या बाईभोवती फिरत होते तिच्या मागे एकही जण गेला नाही, कारण हरलेल्याशी काय बोलावे ते कुणालाच कळत नव्हते. मला तर ते सकाळपासूनच कळत नव्हते.

दोन वर्षांनी मी शासकीय नोकरी सोडून विद्यापीठात गेलो. विधिनिर्मिती शिकवली. लोकांच्या थेट मतदानावर दोन ग्रंथ लिहिले. दुसऱ्याला पारितोषिकही मिळाले. त्यात अमेरिकेतल्या राज्यांच्या मतपत्रिका आहेत, इटलीतली सार्वमते आहेत, किमान मतदानाची अट घातली की विरोधक प्रचार सोडून लोकांना घरी बसवू लागतात यावर पस्तीस पानांचे प्रकरण आहे. निंबटाकळीचे नाव कुठेच नाही. समीक्षकांनी त्या पस्तीस पानांतल्या ‘संयत संतापा’चे कौतुक केले. संताप कुणावर आहे ते त्यांनी विचारले नाही. पिशवी माझ्या टेबलाच्या खालच्या खणात राहिली. घर बदलले तेव्हा ती मी स्वतःच्या हाताने नेली. तसेही सामान उचलायला दुसरे कुणी नव्हते.

निंबटाकळीत दुसरे मतदान झाले ते पंधरा वर्षांनी. मधल्या काळात कुणाला सह्या गोळा करायचा धीर झाला नसावा. बातमी वाचल्यावर मी तहसिलीतून यादी मागवून घेतली. अभ्यासकाला यादी मागता येते. प्रभाग दोन, अनुक्रमांक चारशे बारा: प्रयागबाई डोईफोडे, वय त्र्याहत्तर. मी गावात चौकशी केली. त्या आदल्या वर्षी उन्हाळ्यात गेल्या होत्या. नाव खोडायला चावडीवर जाणारे मागे कुणी राहिले नव्हते. दुकान दुसऱ्यांदा वाचले, सेहेचाळीस मतांनी. त्या सेहेचाळिसांत एक मत प्रयागबाईंचे होते.

त्यानंतर चार वर्षांनी, म्हणजे याच वर्षी, सभागृहाने त्या कायद्याच्या फेरविचारासाठी एक समिती नेमली. अहवालातले ते चव्वेचाळिसावे पान समितीसमोर पुरावा म्हणून ठेवण्यात आले. तज्ज्ञ म्हणून मला बोलावणे आले. मी तज्ज्ञ म्हणून जाणार नाही, साक्षीदार म्हणून येईन, असे कळवले. सचिवांना फरक समजला नाही. खुर्ची तीच होती.

अध्यक्षांनी प्रश्न विचारला की कलम सातची ही रचना मुळात कुठून आली, हे साक्षीदाराला माहीत आहे काय. त्यावर प्रतिवेदकांनी टिपून घेतलेले आणि आता छापलेले उत्तर शब्दशः असे आहे:

“कलम सातचा मसुदा माझा आहे. सरपंचावर अविश्वास आणायचा तर पंचायतीच्या एकूण सदस्यांपैकी निम्मे लागतात, असे एक जुने कलम होते. ते मी उचलले. अकरा सदस्यांपैकी एक मेला तर त्याची जागा रिकामी होते, त्याला कुणी मोजत नाही. यादीतली बाई मेली तरी ती मोजली जाते. हे मला सुचले नाही, कारण मी कायदे वाचले होते. मतदार यादी कधी वाचली नव्हती. सभागृहात मंत्र्यांकडे चिठ्ठी गेली, तीही माझ्याच अक्षरात होती. निंबटाकळीत एका बाईंनी मला समोर उभे राहून विचारले, हे कुणी लिहिले. मी म्हणालो, सभागृहाने. ते खोटे नव्हते. म्हणूनच मला ते सांगता आले.”